ब्लूमर, कॉमन की रॉबर्ट्‌स : सुरुवात कुणापासून करावी?

पहिल्या महायुद्धाआधीच्या इंग्लिश फुटबॉलमध्ये शिरायचं तर एखाद्या खेळाडूचं बोट धरून शिरावं. लीगचे जुने तक्ते चाळून फारसं काही हाती लागत नाही. नावं पुष्कळ आहेत, पण निवड बहुधा तिघांवर येऊन थांबते: स्टीव्ह ब्लूमर, आल्फ कॉमन आणि चार्ली रॉबर्ट्‌स. एक गोलांसाठी प्रसिद्ध, दुसरा किमतीसाठी, तिसरा भांडणासाठी. माझं मत आधीच सांगतो: एकाचीच कारकीर्द वाचायला वेळ असेल तर रॉबर्ट्‌सची वाचा. पण तुम्हाला नेमकं काय हवंय त्यावर उत्तर बदलेल, म्हणून तिघांना शेजारी शेजारी ठेवून पाहू.

त्याआधी एक गोष्ट माहीत असायला हवी, नाहीतर तिघांपैकी एकाचंही वागणं कळणार नाही. 1901-02 च्या हंगामापासून व्यावसायिक खेळाडूला आठवड्याला जास्तीत जास्त 4 पौंड द्यायचे, असा इंग्लंडच्या फुटबॉल असोसिएशनचा नियम होता. सामना जिंकल्याचा बोनस द्यायलाही बंदी. कामगाराच्या मजुरीच्या मानाने ही रक्कम वाईट नव्हती. खाणीत उतरण्यापेक्षा पोरं मैदानावर यायला आनंदाने तयार असत. खरी मेख पुढे होती. करार एका हंगामाचा, पण हंगाम संपल्यावर क्लबने ‘हा आम्हाला हवाय’ एवढं कळवलं की त्या खेळाडूला दुसऱ्या कुठल्याही लीग क्लबकडे जाता येत नसे, मग जुना क्लब त्याला खेळवो वा न खेळवो. आणि विकलाच, तर पैसे क्लबचे. आयपीएलच्या लिलावात पुकारलेला आकडा खेळाडूच्या मानधनाचा असतो; इथे आकडा क्लबच्या तिजोरीत जायचा आणि खेळाडूच्या हातावर सही केल्याचे 10 पौंड टेकवले जायचे.

आता ब्लूमर. जन्म 1874 चा. डर्बी काउंटीकडून 1892 मध्ये पदार्पण, 1906 मध्ये मिडल्सब्रोकडे, 1910 मध्ये पुन्हा डर्बी, आणि 1914 मध्ये निवृत्ती. लीगमध्ये 352 गोल, इंग्लंडसाठी 23 सामन्यांत 28. चेंडू अडवून, जागेवर आणून, मग नेम धरण्याच्या त्या काळात हा गडी चेंडू येईल तसा, कुठल्याही पायाने, जमिनीलगत हाणायचा. गोलकीपरला सावरायला वेळच मिळत नसे. पहिल्या, म्हणजे लीगच्या सर्वांत वरच्या, डिव्हिजनमध्ये सर्वाधिक गोल करणारा म्हणून पाच हंगामांत त्याचं नाव लागलं.

एवढं करून मिळालं काय? डर्बी 1896 मध्ये लीगमध्ये दुसरी आली. एफए कपची, म्हणजे फुटबॉल असोसिएशनच्या बाद पद्धतीच्या स्पर्धेची, अंतिम फेरी 1898 मध्ये हरली, 1899 मध्ये हरली, आणि 1903 मध्ये बरी या क्लबकडून 6-0 असा मार खाल्ला, तेव्हा ब्लूमर दुखापतीमुळे मैदानात नव्हता. (बेसबॉल ग्राउंड या डर्बीच्या मैदानाच्या जागेवरून जिप्सींना हुसकावलं, त्यांचा शाप लागला, अशी डर्बीकरांची समजूत होती. 1946 मध्ये कप मिळाला तेव्हा कुठे शाप उतरला.) ब्लूमरच्या वाट्याला लीगचं एकच विजेतेपद आलं, 1912 चं, आणि तेही दुसऱ्या डिव्हिजनचं.

पण त्याची गोष्ट खरी रंगते ती बूट टांगल्यावर. 1914 च्या जुलैमध्ये, चाळिशीत, तो बर्लिनला ब्रिटानिया क्लबचा प्रशिक्षक म्हणून गेला आणि काही आठवड्यांतच युद्ध पेटलं. जर्मनीतल्या हजारो ब्रिटिश नागरिकांबरोबर त्याचीही रवानगी रूलेबेनला झाली. बर्लिनजवळची ही घोड्यांच्या शर्यतींची जागा. कैद्यांची राहण्याची सोय तबेल्यांतच. तिथे या मंडळींनी चक्क फुटबॉलच्या स्पर्धा भरवल्या, आणि इंग्लंडचे माजी आंतरराष्ट्रीय खेळाडू त्यात खेळत होते. सुटकेनंतर ब्लूमर हॉलंडमध्ये आणि पुढे स्पेनमध्ये प्रशिक्षक झाला. त्याच्या हाताखाली इरूनच्या रेआल युनियनने 1924 मध्ये माद्रिदला हरवून स्पेनचा कप जिंकला. इंग्लंडमध्ये हुकलेला कप असा परक्या देशात हाती आला.

तेव्हा माणसाची गोष्ट हवी असेल तर ब्लूमरला तोड नाही. अडचण एवढीच की त्याची गुणवत्ता इतकी असामान्य होती की साधारण खेळाडूचं जगणं त्याच्यावरून कळत नाही.

कॉमनचं काम थोडक्यात आटोपतं. सन्डरलँडचा हा जाडजूड फॉरवर्ड शेफील्ड युनायटेडकडून 1902 चा एफए कप जिंकला, मग घरी सन्डरलँडला परतला, आणि 1905 च्या फेब्रुवारीत मिडल्सब्रोने त्याला 1000 पौंड देऊन उचललं. एका खेळाडूसाठी चार आकडी रक्कम मोजण्याची ही पहिलीच वेळ. वर्तमानपत्रांनी झोड उठवली. मिडल्सब्रोला मात्र त्याची पर्वा करून चालणार नव्हतं. क्लब पहिल्या डिव्हिजनमधून खाली घसरायच्या बेतात होता आणि जवळजवळ दोन वर्षांत बाहेरच्या मैदानावर एकही विजय नव्हता. कॉमन पहिला सामना खेळला तो शेफील्डलाच, जुन्या क्लबविरुद्ध. 1-0. गोल त्याचाच, पेनल्टीवर. क्लब तरला.

पुढच्या वर्षी ब्लूमरही मिडल्सब्रोत आला आणि दोघं चार वर्षं एकाच संघातून खेळले. तुलनेला याहून सोयीची जागा नाही. तिथे ब्लूमरचे लीगमध्ये 125 सामन्यांत 59 गोल, कॉमनचे 168 सामन्यांत 58. म्हणजे हजार पौंडांचा माणूस तेव्हाचा सर्वोत्तम नव्हता. तो गरजेच्या वेळी हजर असलेला माणूस होता. 1910 मध्ये त्याला वूलविच आर्सेनलला विकलं तेव्हा 100 पौंड आले. पाच वर्षांत किंमत दहावा हिस्सा. ट्रान्सफर फीचा इतिहास शोधत असाल तर कॉमन हवाच, पण त्याच्यावर आठवडा घालवू नका. एक संध्याकाळ पुरे.

रॉबर्ट्‌स डार्लिंग्टनचा, जन्म 1883. ग्रिम्सबीकडून 1904 मध्ये मँचेस्टर युनायटेडला आला तेव्हा युनायटेड दुसऱ्या डिव्हिजनमध्ये होती. तो सेंटर हाफ. आजचा सेंटर बॅक डोळ्यांसमोर आणू नका. तेव्हाचा सेंटर हाफ मैदानाच्या मध्यात उभा राहून बचावही करायचा आणि चढाईही उभारायचा. डकवर्थ, रॉबर्ट्‌स, बेल ही मधली फळी आणि उजव्या विंगला वेल्सचा बिली मेरेडिथ, या बळावर युनायटेडने 1908 आणि 1911 ची लीग जिंकली, मधे 1909 चा एफए कप. तिन्हींत कर्णधार रॉबर्ट्‌स.

1907 च्या एप्रिलमध्ये युनायटेडच्या राखीव संघातला टॉमस ब्लॅकस्टॉक चेंडूला डोकं लावल्यावर कोसळला आणि गेला. चौकशीत नैसर्गिक मृत्यू ठरला. घरच्यांना भरपाई नाही. त्याच वर्षी 2 डिसेंबरला मँचेस्टरच्या इम्पीरियल हॉटेलात खेळाडूंची युनियन उभी राहिली. पुढे होते मेरेडिथ आणि रॉबर्ट्‌स. युनियनला पगाराची मर्यादा उठवायची होती, क्लबच्या मालकी हक्काला आव्हान द्यायचं होतं आणि जखमींना कामगार म्हणून भरपाई मिळवून द्यायची होती. युनियन इतर कामगार संघटनांच्या महासंघाकडे वळली तसं फुटबॉल असोसिएशनचं पित्त खवळलं. 1909 च्या उन्हाळ्यात फर्मान निघालं: युनियन सोडा, नाहीतर खेळ सोडा.

देशभरच्या खेळाडूंनी राजीनामे दिले. युनायटेडच्यांनी दिले नाहीत. पगार बंद, मैदान बंद. रॉबर्ट्‌सला तर लवकरच 500 पौंडांची हमी असलेला बेनिफिट सामना, म्हणजे ज्याचं उत्पन्न खेळाडूला मिळतं असा सामना, मिळायचा होता, म्हणजे 4 पौंडांच्या हिशेबाने 125 आठवड्यांची कमाई पणाला लागली होती. तरी ही मंडळी फॅलोफील्डला सराव करत राहिली आणि ‘आउटकास्ट्‌स फुटबॉल क्लब’ अशी पाटी घेऊन फोटोही काढून घेतला. ऑगस्टअखेर, हंगामाच्या तोंडावर, असोसिएशनने माघार घेतली. पूर्ण विजय मात्र नव्हे. युनियनला मान्यता मिळाली, पण महासंघाचा नाद सोडावा लागला, आणि पगाराची मर्यादा थेट 1961 पर्यंत उठली नाही.

इंग्लंडकडून रॉबर्ट्‌स फक्त तीन सामने खेळला, तिन्ही 1905 मध्ये. युनियनमुळे त्याला डावललं, असं सर्रास लिहिलेलं सापडेल. ते जसंच्या तसं घेऊ नका. युनियन 1907 अखेरची. त्याआधीची जवळजवळ तीन वर्षं या कारणाने भरत नाहीत. असोसिएशनचा हुकूम चड्डी गुडघ्याखालपर्यंत हवी असा असताना हा आखूड चड्डी घालून उतरायचा, म्हणजे साहेब लोकांशी बेबनाव जुनाच असावा.

1913 मध्ये युनायटेडने त्याला 1500 पौंडांना ओल्डहॅमला विकलं. वय तिशीचं, आणि किंमत कॉमनच्या दीडपट. 1914-15 मध्ये ओल्डहॅम एका गुणाने लीग हुकली, एव्हर्टनमागे दुसरी आली. लहान गावच्या या क्लबला पुढे इतक्या वर कधी जाता आलं नाही. रॉबर्ट्‌सने नंतर तंबाखूचं दुकान चालवलं आणि डकवर्थ, रॉबर्ट्‌स, बेल यांची नावं जोडून ‘डुक्रोबेल’ नावाची सिगारेट विकली.

खेळ, पैसा आणि हक्क हे तिन्ही धागे एकाच कारकिर्दीत हवे असतील, तर रॉबर्ट्‌सशिवाय दुसरा नाही. त्यानंतर ब्लूमर घ्या, पण रूलेबेनपासून सुरू करून मागे या. संघर्ष नको, निवांत यशस्वी कारकीर्द हवी असेल तर या तिघांना बाजूला ठेवून ब्लॅकबर्नचा बॉब क्रॉम्पटन पाहा: एकच क्लब, 1896 ते 1920, इंग्लंडकडून 41 सामने, 1912 आणि 1914 ची लीग. पगाराच्या मर्यादेत राहूनही हा मोटार बाळगून होता, कारण प्लंबिंगचं काम त्याला येत होतं.