डॉल्फिन बघायचे तर होडीतून की कड्यावरून?

दिवाळी सरली की ओळखीतलं कुणीतरी विचारतंच, 'तारकर्लीला चाललोय, डॉल्फिन बघायला होडी घेऊ का?' एकदाच जायचं असेल तर जरूर घ्या. पण ज्यांना या प्राण्याची ओढ लागली आहे, वही-पेन्सिल घेऊन हिवाळ्यातल्या आठ-दहा सकाळी द्यायची ज्यांची तयारी आहे, त्यांनी त्या सकाळी कुठे घालवाव्यात, त्याबद्दल लिहितो. मी चार हिवाळे होडीतून पाहिलं, त्यानंतरचे पाच निवती किल्ल्याच्या कड्यावरून.

आपल्या किनाऱ्यालगत दिसतो तो पाठीवर कुबड आणि कुबडावर छोटा पंख असलेला हंपबॅक डॉल्फिन, म्हणजे सूसा प्लंबिया. आपले मच्छीमार त्याला गादा म्हणतात. हा उथळ पाण्यातला प्राणी, सहसा २५-३० मीटरपेक्षा खोल पाण्यात जात नाही. म्हणून तर कड्याचा पर्याय निघतो. देवमासा बघायचा असता तर हा प्रश्नच पडला नसता. २०१५ साली कुणकेश्वरसमोर निळे देवमासे दिसले तेही संशोधक होडीने बाहेर गेले होते म्हणून.

होडीची बाजू आधी मांडतो, कारण ती खरोखर मोठी आहे. गादा वीस हातांवर वर येतो, नाकपुडी उघडते, फुस्स असा श्वास सुटतो, तो आवाज मी आयुष्यभर विसरणार नाही. शिवाय माणसांच्या बोटांचे ठसे तसे डॉल्फिनचे पंख. पंखाच्या मागच्या कडेवरच्या खाचांवरून एकेक प्राणी ओळखता येतो. वुर्सिग या संशोधक पती-पत्नींनी १९७०च्या दशकात अर्जेंटिनात बॉटलनोज डॉल्फिन असेच ओळखले. हे काम करायचं तर कॅमेरा घेऊन जवळ जावंच लागतं. पाठीवर पंखच नसलेला, लाजाळू फिनलेस पॉरपॉइज तर मला कड्यावरून आजवर एकदाही खात्रीने ओळखता आलेला नाही. होडीतून दोनदा दिसला, दोन्ही वेळा पाणी तेलासारखं स्थिर होतं.

मग होडी का सोडली? इंजिनामुळे.

देवबागच्या संगमाबाहेरची एक सकाळ सांगतो. ओहोटी लागलेली, खाडीतून बोय ही मासळी बाहेर पडत होती आणि सात गादे तिच्या मागे होते. त्यांत एक मादी, तिच्या कुशीला पिल्लू. आम्ही पोचलो तेव्हा शिकार ऐन रंगात होती. मागून आणखी दोन होड्या आल्या. आमच्या तांडेलाने, म्हणजे होडी चालवणाऱ्याने, माझ्या विनंतीवरून इंजिन बंद केलं, पण बाकीच्या दोघांची चालूच. मादी पिल्लाच्या आणि होड्यांच्या मधे आली. चार श्वास दिसले, तेही प्रत्येक आधीच्यापेक्षा लांब. मग काहीच नाही. बोय तिथेच उड्या मारत राहिली.

मी तांडेलांना दोष देत नाही. मेच्या अखेरीस होड्या वर ओढायच्या, त्याआधी वर्षाची कमाई करायची, आणि पाहुण्यांना तर जवळूनच बघायचं असतं. पण त्या रात्री वही उघडली. अंतर, संख्या, पिल्लं, वर्तन असे रकाने पाडले होते. वर्तनाच्या रकान्यात त्या हंगामात बहुतेक ओळींना एकच नोंद: 'दूर गेले'. चार वर्षं मी गाद्यांचा अभ्यास करतोय असं समजत होतो. प्रत्यक्षात होडी आल्यावर गादे काय करतात, एवढंच लिहीत होतो. गादा शिट्ट्यांनी एकमेकांना हाका मारतो, टिकटिकीच्या प्रतिध्वनीवरून मासा शोधतो. पाण्याखाली इंजिनाच्या पंख्याचा आवाज भरला की त्याचं किती बिघडत असेल ते मी मोजलेलं नाही, पण माझ्या वहीने मला पुरेसं सांगितलं. आणि ही जात धोक्यातल्या प्राण्यांच्या जागतिक यादीत संकटग्रस्त म्हणून नोंदलेली आहे, हेही डोक्यातून जाईना.

कड्याचे दोष सांगायलाच हवेत. पहिल्या दिवशी कदाचित काहीही दिसणार नाही. माझे पहिले तीन दिवस कोरडे गेले. दीड किलोमीटरपलीकडे ८×४२ दुर्बिणीतूनही नुसते काळे ठिपके. कुठला प्राणी कालचाच, हे सांगता येत नाही. पण आपला किनारा पश्चिमेला तोंड करून आहे, ही मोठी सोय. सकाळी सूर्य पाठीशी असतो, पाण्यावर झळाळी नाही. जमिनीकडचा मतलई वारा पडल्यावर समुद्राकडचा खारा वारा सुटेपर्यंत समुद्र सपाट राहतो, त्या तीन-चार तासांत पाठीचं कुबडही सावली टाकतं. पुढे पांढरे तुरे उठले की मी दुर्बीण गुंडाळतो.

गादा वर येताना आधी चोच बाहेर काढतो, मग पाठीची कमान करतो, हे मी पुस्तकात वाचलं होतं, पण लागोपाठ वीस वेळा पाहिलं ते कड्यावरून. वुर्सिगनीही कड्यावर थिओडोलाइट लावून डॉल्फिनचा माग काढला. मोजणीचं हे यंत्र उंची आणि कोनावरून अंतर काढून देतं. तेवढं यंत्र माझ्याकडे नाही. मी बुरुजाच्या दगडांवर रेघा धरून अंदाज करतो, चुकतही असेन.

फोटोवरून ओळख पटवायचं काम करायचंच असेल तर होडी घ्या, मात्र ओळखीच्या तांडेलाची, सुट्ट्या सोडून. बाजूने, समांतर, लांब राहायला सांगा. पिल्लू दिसलं तर परत फिरा. बाकी सगळ्यासाठी मी तरी कडाच सुचवेन, निदान पहिल्या हिवाळ्यापुरता.

गेल्या माघात एक पिल्लू आईच्या मागे वाळूच्या पट्ट्यावर आलं. आई बोय उथळ पाण्याकडे रेटत होती, पिल्लू दर वेळी चुकीच्या बाजूला वळत होतं आणि ती थांबून पुन्हा वळसा घेत होती. असं चव्वेचाळीस मिनिटं चाललं, आसपास एकही होडी नाही. वर्तनाचा रकाना पुरला नाही, मागच्या पानावर लिहावं लागलं.