धरमपेठेतलं सिम रेसिंग सेंटर: मोंजुईकसाठी तरी जाच

नागपुरात धरमपेठेत सिम रेसिंगचं (म्हणजे स्क्रीनसमोर खऱ्यासारखं स्टीअरिंग-पेडल घेऊन रेस खेळायचं) सेंटर आहे ना, तिथं बहुतेक पोरं मोनॅको नाहीतर स्पा हे नावाजलेले ट्रॅक लावून बसतात, पण भाऊ, लिस्टमध्ये खाली जा, मोंजुईक नावाचा जुना ट्रॅक दिसेल, तो मागून घ्या. बार्सिलोनाचाच आहे, पण तो नेहमी टीव्हीवर दिसतो तो नाही. शहरातल्या टेकडीवरचे साधे रस्ते, आपल्या सेमिनरी हिल्सच्या रस्त्यावर रेस लावली असं समजा. ३.७९ किमी, घड्याळाच्या उलट दिशेनं. एफ वनची (फॉर्म्युला वन) स्पॅनिश ग्रां प्री इथं फक्त १९६९, ७१, ७३ आणि ७५ ला झाली.

गाडी लोटस ४९ घ्या, त्याच काळातली एफ वन गाडी. पिट्सच्या (टीम गाड्यांचं काम करतात ती जागा) पुढे चढ संपतो तिथं गाडी एकदम हलकी होते, स्टीअरिंग हातात सैल पडतं आणि लगेच उतारावर ब्रेक मारून डावीकडे हेअरपिन, म्हणजे एकदम मागे फिरणारं वळण, घ्यायचा. सेंटरमधल्या व्हीलचं फोर्स फीडबॅक (गाडीचे झटके-ओढ हाताला जाणवून देणारी मोटर) जाम भारी आहे, तो सैलपणा मनगटात कळतो. ६९ ला याच पट्ट्यात ग्रॅहम हिल आणि योखेन रिंट या दोन ड्रायव्हरांच्या लोटसचे मागचे उंच विंग (हवेच्या दाबानं गाडी रस्त्याला चिकटवून ठेवणारे पंख) एकाच रेसमध्ये मोडले, आणि पुढच्या मोनॅकोच्या वीकेंडलाच उंच विंग बॅन झाले. ती रेस जॅकी स्टुअर्टनं दोन लॅपच्या फरकानं जिंकली.

७५ चं तर वाचूनच राग येतो. कडेचे बॅरिअर नीट कसलेच नव्हते, ड्रायव्हर प्रॅक्टिसला उतरायला तयार नव्हते, टीमच्या मेकॅनिकनी स्वतः नट-बोल्ट आवळले, आणि वरून गाड्या जप्त करायची धमकी. आदल्या वर्षीचा चॅम्पियन फिटिपाल्डी रेस न खेळता घरी गेला, मला तोच बरोबर वाटतो. शेवटी पुढे चाललेल्या रोल्फ श्टोमेलेनच्या गाडीचं विंग तुटलं, गाडी बॅरिअरवरून पलीकडे गेली, माणसं मेली. ती गाडी ग्रॅहम हिलच्याच टीमची होती! २९ लॅपला रेस थांबवली, योखेन मासला विजेता ठरवलं, पॉइंट अर्धेच दिले आणि सहाव्या आलेल्या लेला लोंबार्डीला अर्धा पॉइंट मिळाला. एफ वन चॅम्पियनशिपमध्ये पॉइंट मिळवणारी ती आजवरची एकमेव बाई. त्यानंतर एफ वन तिथं परत गेली नाही, बाइकची २४ तासांची रेस मात्र १९८६ पर्यंत चालली.

सेंटरबद्दल एकच तक्रार, कोपऱ्यातल्या रिगचं (सीट, स्टीअरिंग आणि पेडलचा सेट) ब्रेक पेडल ढिलं आहे आणि या ट्रॅकवर ब्रेकशिवाय काहीच जमत नाही, म्हणून दारापासची रिग मागा. एसी चांगला, पोरं मदत करतात, सीट आपल्या उंचीला लावून देतात. रविवारी संध्याकाळी फार गर्दी असते, सकाळी गेलात तर निवांत चालवता येतं.