कार्डावर 256, आत 16

मी भुसावळला राहतो आणि जळगाव एमआयडीसीत चटईच्या कारखान्यात कामाला आहे. रोजचं रेल्वेने अप-डाऊन. गाडी वेळेवर असली तर अर्धा तास, नाहीतर भादलीला मालगाडी पुढे काढेपर्यंत किती वेळ उभी राहील याचा भरवसा नाही. त्या वेळेत मी पीएस व्हिटा खेळतो. सोनीचा हा हातातला गेम कन्सोल 2011 च्या डिसेंबरात जपानमध्ये आला आणि 2019 मध्ये त्याचं उत्पादन बंद झालं. मी घेतला तो सेकंडहँड. त्यावर कस्टम फर्मवेअर, म्हणजे कंपनीच्या मूळ सिस्टीममध्ये बदल करणारं सॉफ्टवेअर, मीच टाकलं, चार रात्री वाचून, एकेक पायरी तपासून. हे मुद्दाम आधी लिहितोय, कारण पुढची सगळी फसवणूक याच गोष्टीच्या आडून झाली.

व्हिटाची अडचण ज्यांच्याकडे तो आहे त्यांना माहीत असते. त्याला साधं मायक्रो एसडी कार्ड चालत नाही. सोनीने स्वतःचं वेगळं कार्ड काढलं, 4 पासून 64 जीबीपर्यंतचं, दुसऱ्या कशातच न बसणारं. आता ती कार्डं नवी मिळत नाहीत आणि जुनी मिळाली तर माणूस अडून पैसे मागतो. माझ्याकडे 8 जीबीचं होतं, ते गच्च भरलेलं. कस्टम फर्मवेअर असलं की यावर तोडगा आहे: एसडी-टू-व्हिटा नावाचा छोटा अडॅप्टर. तो गेमचं कार्ट्रिज घालायच्या खाचेत बसतो, त्यात मायक्रो एसडी बसतं, आणि एका प्लगइनच्या (छोट्या जोड-प्रोग्रामच्या) मदतीने व्हिटा त्यालाच मुख्य कार्ड मानतो. खाच मात्र अडॅप्टरने अडते. म्हणून माझ्या पाच कार्ट्रिजचे गेम कार्डात घ्यायचे ठरवले. एकेक कार्ट्रिज घालून वायफायवरून घरच्या कॉम्प्युटरवर उतरवून घेतलं. एकेक गेम सव्वातीन-साडेतीन जीबीचा, प्रत्येकाला जवळजवळ तास लागला. सोनीच्या कार्डातलं सगळंही कॉम्प्युटरवर घेतलं, साधारण साडेसहा जीबी.

त्यात एक सेव्ह फाईल होती, म्हणजे गेम कुठवर खेळून झाला त्याची नोंद. धाकटा भाऊ बारावीला होता तेव्हापासून आम्ही दोघं एकच गेम आळीपाळीने खेळायचो. तो पुण्याला शिकायला गेल्यावरही दिवाळी आणि आखाजीला (अक्षय्य तृतीयेला) घरी आला की जिथे मी थांबलो असेन तिथून पुढे तो खेळायचा. 140 तास झाले होते.

जळगावातल्या एका मार्केटमधल्या गाळ्यावर गेलो. नाव लिहीत नाही. 256 जीबीचं कार्ड, नामांकित कंपनीचं छापील पाकीट, 1400 रुपये. बिल देणाऱ्या दुकानात त्या आकाराचं कार्ड बरंच महाग होतं. मी का-कू करतोय बघून तो म्हणाला, "भाऊ, जुनं सोनीचं कार्ड आहे ना? ते द्या, पाचशे कमी करतो." मला सौदा चांगला वाटला. डेटा कॉम्प्युटरवर होताच, अडॅप्टर आल्यावर ते कार्ड माझ्या काय कामाचं? बिल मागितलं तर "बिलाचा भाव वेगळा" म्हणाला. 900 रुपये यूपीआयने दिले आणि सोनीचं कार्ड त्याच्या हातावर ठेवलं.

त्याने माझ्यासमोर नवं कार्ड लॅपटॉपला लावलं होतं. प्रॉपर्टीज उघडून दाखवलं: 238 जीबी. मला माहीत होतं की 256 चं कार्ड विंडोजमध्ये 238 च दिसतं, कारण कंपनी हजाराने मोजते आणि विंडोज 1024 ने. आकडा अगदी बरोबर होता, त्यामुळे उरलीसुरली शंकाही गेली. वर त्याने एक पिक्चर कार्डात कॉपी करून चालवूनही दाखवला. आज कळतं की त्या दोन्ही गोष्टींनी काहीच सिद्ध होत नाही.

घरी आलो, कार्ड एक्सफॅट पद्धतीने फॉरमॅट केलं, जुना साडेसहा जीबीचा डेटा टाकला. सगळं चाललं. पहिल्या कार्ट्रिजचा गेम टाकला, व्हिटाशेल या फायली हाताळायच्या ॲपमधून यादी रिफ्रेश केली, चालला. दुसरा टाकला, तोही चालला. आठ दिवस मी गाडीत मजेत खेळलो. कॉम्प्युटरची एसएसडी 120 जीबीची, ताईच्या कामाच्या फायलींना जागा उरली नव्हती, म्हणून जुन्या कार्डाची प्रत मी पुसली. ही चूक माझी, ती मी कोणावर ढकलत नाही.

नवव्या दिवशी तिसरा गेम टाकला. कॉपी शंभर टक्के झाली, एकही एरर नाही. स्क्रीनवर गेमचं गोल चिन्ह आलं. उघडला की दोन सेकंदांत बंद, आणि कोड सी2-12828-1. हा कोड व्हिटावर कोणताही गेम कोसळला तरी येतो, त्यातून कारण कळत नाही. पुसून पुन्हा टाकला, तेच. चौथा टाकला, तोही तसाच. मग आधी चालत असलेला दुसरा गेमही मधेच बंद पडायला लागला. शेवटी आमच्या 140 तासांच्या गेमवर बोट ठेवलं, तर सेव्ह खराब असल्याचा मेसेज आला.

दोन आठवडे मी दोष स्वतःमध्ये शोधत होतो. प्लगइनची ओळ चुकली असेल, फर्मवेअर नीट बसलं नसेल, गेम उतरवताना वायफाय तुटलं असेल. दुसरा अडॅप्टर मागवला, त्यात 350 गेले. मग भुसावळातल्या एका मोबाईल दुरुस्तीवाल्याकडे गेलो. त्याने कन्सोल उलटा-सुलटा केला आणि म्हणाला, "कस्टम मारलंय ना तुम्ही? मग बोर्ड गेला. फर्मवेअर नव्याने टाकावं लागेल, आठशे." दिले. दोन दिवसांनी व्हिटा जसाच्या तसा परत मिळाला, सेटिंगमधली माझी भाषासुद्धा तीच. "आता भंगारात जाईल, दीड हजार देतो," असंही तो म्हणाला. मी द्यायला तयार झालो होतो, हे लिहिताना अजून वाईट वाटतं. आईने अडवलं म्हणून व्हिटा घरात राहिला.

आई धुळ्याकडची, घरात अहिराणीच बोलते ("काब्र" म्हणजे "का"). मी ताटावरून उठलो तर म्हणाली, "काय व्हयनं रे? जेवत काब्र नही?" सगळं सांगितलं. तिला व्हिटा काय आणि कार्ड काय, काही कळलं नसेल. पण ती म्हणाली, "तू काब्र लाजी ऱ्हायना? चोरी त्यानी करी."

दुसऱ्या दिवशी मी व्हिटा घरी ठेवला आणि नुसतं कार्ड घेऊन मित्राकडे गेलो. तो कॉम्प्युटर क्लासमध्ये शिकवतो. मी फर्मवेअरबद्दल सांगायला लागलो तर त्याने थांबवलं आणि पहिलाच प्रश्न विचारला, "कार्ड तपासलं का?" एच2टेस्टडब्ल्यू नावाचा एक फुकट प्रोग्राम आहे, जर्मनीतल्या सी-टी या कॉम्प्युटर मासिकाचा. तो रिकामं कार्ड शेवटच्या बाइटपर्यंत ओळखीच्या डेटाने भरतो आणि मग सगळं परत वाचून जुळवतो. लिनक्स आणि मॅकवर हेच काम एफ3 करतं. रात्री नऊला लावलं. कार्ड सेकंदाला जेमतेम 12 एमबीने लिहीत होतं, म्हणजे नुसतं भरायलाच सहा तास, मग वाचायचे वेगळे. सकाळी मी ड्युटीला जायच्या आधी त्याच्या घरी पोचलो. स्क्रीनवर लिहिलं होतं: 14.6 जीबी ठीक. पुढचा सगळा डेटा गेलेला.

कार्ड 16 जीबीचं होतं.

मित्राने समजावलं ते माझ्या शब्दांत सांगतो. कार्डात मेमरीची चिप असते आणि तिचा कारभार बघणारा एक कंट्रोलर असतो. कॉम्प्युटर किंवा व्हिटा चिप मोजत नाही, कंट्रोलरला विचारतो की जागा किती. बनावट कार्डात कंट्रोलरला खोटं सांगायला शिकवलेलं असतं. धर्मशाळेच्या रजिस्टरात 256 खोल्या लिहून ठेवल्यात, इमारतीत आहेत 16. सतरावा पाहुणा आला तरी मुनीम त्याचं नाव लिहून घेतो आणि "खोली मिळाली" म्हणतो. रजिस्टर बघणाऱ्याला सगळे आत झोपलेले दिसतात. कार्डातली फायलींची यादी सुरुवातीच्या खऱ्या जागेत असते, म्हणून नावं आणि आकार बरोबर दिसतात. आतला डेटा कुठेच नसतो. काही कार्डं जास्तीचा डेटा नुसता फेकून देतात, काही तो आधीच्या डेटावर लिहितात. माझं दुसऱ्या प्रकारचं होतं. तिसरा आणि चौथा गेम मी जितक्या वेळा टाकला, तितक्या वेळा मीच आमची सेव्ह फाईल खोडत होतो.

हिशेब मांडून बघा. साडेसहा अधिक सव्वातीन अधिक सव्वातीन, म्हणजे तेरा. चौदा-साडेचौदाची हद्द ओलांडली ती तिसऱ्या गेमने. गाणी किंवा छोटे गेम टाकणाऱ्याला हे कार्ड वर्षभर कळणार नाही. मोठे गेम टाकणाऱ्याला आठवड्यात कळतं, पण तो दुसऱ्याच गोष्टीला दोष देतो.

इथे एक फरक ओळखायला शिका, माझे दोन आठवडे त्यानेच वाचले असते. कार्ड एफएटी-32 पद्धतीने फॉरमॅट केलेलं असेल तर 4 जीबीपेक्षा मोठी एक फाईल त्यात जात नाही, पण तेव्हा कॉम्प्युटर तोंडावर सांगतो की फाईल मोठी आहे. व्हीपीके फाईल (व्हिटाच्या गेमची बांधलेली फाईल) व्हिटावरच उलगडत असाल तर तिला जवळजवळ दुप्पट जागा लागते, कारण मूळ फाईल आणि उलगडलेला गेम दोन्ही एकाच वेळी कार्डात असतात. तिथेही जागा कमी पडली की इन्स्टॉल मधेच थांबतं. हे दोष बोलके आहेत. बनावट कार्ड बोलत नाही. कॉपी पूर्ण, इन्स्टॉल पूर्ण, चिन्ह जागेवर, आणि गेम उघडत नाही, असं एकाहून जास्त मोठ्या गेमचं झालं तर फर्मवेअरला हात लावू नका, आणखी काही कॉपी करू नका. कार्ड बाहेर काढा. त्यात जे वाचण्यासारखं आहे ते आधी कॉम्प्युटरवर घ्या, मग ते रिकामं करून तपासायला लावा. निन्टेन्डोचा 3डीएस कन्सोल असो, स्विच असो, सगळीकडे हेच. सोनीच्याच जुन्या पीएसपी कन्सोलच्या मेमरी स्टिकमध्येही बनावट माल भरपूर फिरला आहे.

मी गाळ्यावर परत गेलो तेव्हा तो हसून म्हणाला, "तुम्ही मशीनचं फर्मवेअर बदललंय, आमची गॅरंटी नाही." मी मान खाली घालून परतलो. खरं तर मी व्हिटा नेलाच नव्हता, नुसतं कार्ड नेलं होतं. कार्डात किती जागा आहे याचा माझ्या फर्मवेअरशी काही संबंध नाही. हे त्यालाही ठाऊक होतं आणि दुरुस्तीवाल्यालाही. कन्सोलमध्ये आपण स्वतः काही बदल केलेला असला की आपण मनातून आधीच अपराधी असतो, आणि समोरच्याला ते चेहऱ्यावर दिसतं. दोघांनी माझ्याकडून पैसे घेतले ते त्या एका भावनेच्या जोरावर.

पुढच्या वेळी मित्राला घेऊन गेलो, तपासणीच्या निकालाचा फोटो आणि यूपीआयची नोंद घेऊन. मित्राने शांतपणे सांगितलं की 2019 च्या ग्राहक संरक्षण कायद्यात बिल न देणं हीच अनुचित व्यापार प्रथा आहे, आणि सदोष माल परत घेऊन पैसे देण्याची मुदत बिलावर लिहिलेली नसेल तर ती 30 दिवसांची धरतात. आमचे 30 दिवस व्हायला दोन दिवस बाकी होते. राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा 1915 हा नंबर त्याने तिथेच लावला. जिल्हा ग्राहक आयोगात 5 लाखांपर्यंतच्या खरेदीच्या तक्रारीला फी नाही आणि तक्रारीला दोन वर्षांची मुदत असते, हेही ऐकवलं. दुकानात आणखी दोघं कार्ड बघत उभे होते, त्यातल्या एकाने हातातलं पाकीट काउंटरवर ठेवून दिलं. गाळेवाल्याने 900 रुपये परत केले. दुरुस्तीवाल्याकडे गेलेले आठशे मात्र बुडाले, कारण ते रोख दिले होते.

सोनीचं कार्ड मागितलं. "ते त्याच आठवड्यात गेलं," म्हणाला. कोणी नेलं, सांगता येत नाही.

आता मी 64 जीबीचं कार्ड बिलासकट घेतलंय. एकही फाईल टाकायच्या आधी ते रात्रभर तपासलं, पूर्ण ठीक आलं, आणि पाचही गेम चालतात. सेव्ह फाईलची प्रत दर रविवारी कॉम्प्युटरवर घेतो. भावाला फोनवर सांगितलं तेव्हा तो बराच वेळ काही बोलला नाही. मग म्हणाला, "दादा, आखाजीला पहिल्यापासून सुरू करू."

तरी एक विचारतो. गेल्या हिवाळ्यात जळगाव, भुसावळ, धुळे, नंदुरबार या भागात कोणी व्हिटाचं जुनं 8 जीबीचं सोनी कार्ड घेतलं असेल, तर ते उलटून बघा. मागच्या बाजूला कोपऱ्यात लाल नेलपॉलिशचा बारीक ठिपका असेल, ताईने ओळखीसाठी लावलेला. दुसऱ्याच्या अकाउंटचं कार्ड घातलं की व्हिटा ते फॉरमॅट करायला सांगतो. तुम्ही अजून 'हो' दाबलं नसेल, तर दाबू नका. मला कळवा. तुम्ही दिलेले पैसे देतो, आणि त्याच मापाचं दुसरं कार्ड शोधून देतो.