वर्गात कोणता दाखवावा: ‘युनिव्हर्स’ की ‘पॉवर्स ऑफ टेन’?

विश्वाच्या अफाटपणाची कल्पना देणारा जुना लघुपट वर्गात दाखवायचा ठरवले, की शिक्षकापुढे दोन नावे हमखास येतात: कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डाचा १९६० सालचा ‘युनिव्हर्स’ आणि चार्ल्स व रे ईम्स या अमेरिकी दांपत्याचा १९७७ सालचा ‘पॉवर्स ऑफ टेन’.

दुसरा जेमतेम नऊ मिनिटांचा. शिकागोत तळ्याकाठी सहलीला आलेल्या जोडप्यापासून निघालेला कॅमेरा दर दहा सेकंदांनी दसपट दूर जात सुमारे १० कोटी प्रकाशवर्षांपर्यंत पोहोचतो आणि परत फिरून झोपलेल्या पुरुषाच्या हाताच्या त्वचेतून थेट अणुकेंद्रकात उतरतो. घातांक शिकवायचे असतील, तर याला तोड नाही. मात्र ही अंतरे माणसाला कळली कशी, या प्रश्नाला त्यात जागाच नाही.

‘युनिव्हर्स’ नेमका तिथे सरस ठरतो. रोमन क्रॉयटर आणि कॉलिन लो यांचा हा कृष्णधवल लघुपट अर्ध्या तासाला थोडा कमी असून, ऑन्टारिओतील डेव्हिड डनलॅप वेधशाळेत रात्रपाळीला आलेला खगोलशास्त्रज्ञ हा त्याचा कणा आहे. तो दुर्बीण सज्ज करतो, छायाचित्रण करतो, आणि त्याच्या या संथ कामाच्या आधाराने आपण ग्रहांवरून ताऱ्यांकडे व दीर्घिकांकडे जातो. तेव्हा एकही यान दुसऱ्या ग्रहापर्यंत पोहोचले नव्हते, त्यामुळे ग्रहांची दृश्ये प्रतिकृती उभारून चित्रित केलेली आहेत, तरीही ती इतकी भारदस्त वाटतात की दिग्दर्शक स्टॅन्ली कुब्रिकने ‘२००१: अ स्पेस ओडिसी’ या आपल्या चित्रपटाच्या आधी हा लघुपट बारकाईने पाहिला आणि यातले निवेदक डग्लस रेन यांचाच आवाज पुढे त्या चित्रपटातल्या हॅल या संगणकाला दिला. (मोठ्या मुलांना एवढे सांगितले तरी ती सावरून बसतात.) माहिती अर्थातच जुनी आहे. क्वेसारचे (अतिदूरच्या दीर्घिकांच्या प्रखर केंद्रांचे) स्वरूप १९६३ मध्ये उमगले आणि वैश्विक पार्श्वप्रारण (विश्वाच्या आरंभकाळातले, सर्व दिशांनी येणारे मंद प्रारण) १९६५ मध्ये सापडले, तेव्हा त्यांची भर शिक्षकालाच घालावी लागेल.

आकाशदर्शनाच्या रात्रीआधी दाखवायचा असेल, तर मी निःसंशय ‘युनिव्हर्स’ निवडेन. गणिताच्या तासाला ‘पॉवर्स ऑफ टेन’ पुरे. इंग्रजी निवेदन झेपणार नाही अशा लहान मुलांसाठी मात्र हे दोन्ही बाजूला ठेवून फिल्म बोर्डाचाच १९६८ सालचा ‘कॉस्मिक झूम’ लावावा, कारण नावेतल्या मुलापासून अंतराळात आणि तिथून त्याच्या हातावरच्या डासापर्यंत नेणाऱ्या या आठ मिनिटांत निवेदनच नाही आणि शिक्षकाला शेजारी उभे राहून मराठीत बोलता येते.