आजारपणात बदली आली: निवेदन, रजा की मॅट?

बदलीचा आदेश आला की शेजारच्या टेबलावरून पहिला सल्ला येतो, ‘आधी मेडिकल टाक, मग बघू.’ राज्य शासनाच्या सेवेत असाल आणि दुखणं खरं असेल, तर हा सल्ला मानू नका, असं मी कळकळीने सांगेन.

रजेने दिवस मिळतात, बदली जागची हलत नाही. अर्धवेतनी रजा वर्षाला 20 दिवस जमा होते, आणि वैद्यकीय कारणासाठी ती परिवर्तित (म्हणजे पूर्ण पगारी) करून घेतली की दुपटीने वजा होते. शंका आली तर कार्यालय वैद्यकीय मंडळाकडे पाठवू शकतं. शिवाय परत रुजू होताना ‘कामास योग्य’ असा दाखला द्यावा लागतो. पुढे प्रकृतीचं कारण मांडाल, तेव्हा तोच कागद तुमच्यासमोर धरला जाईल. ऑपरेशन किंवा केमो चालू असेल तर रजा घ्याच, पण ती उपचारासाठी.

निवेदनाला खर्च नाही, म्हणून लोक ते घाईत खरडतात. ‘प्रकृती अस्वास्थ्यामुळे बदली रद्द व्हावी’ एवढ्यावरून अधिकाऱ्याला काय कळणार? डायलिसिस आठवड्यातून तीनदा, दर खेपेला सुमारे चार तास. नव्या ठिकाणापासून जवळचं केंद्र किती किलोमीटरवर, परतीची शेवटची एसटी किती वाजता, हे लिहा. जिल्हा शल्यचिकित्सकांचं प्रमाणपत्र जोडा. दिव्यांगत्व असेल तर 2016 च्या दिव्यांग हक्क कायद्यातल्या कलम 20(5) चा उल्लेख करा. दिव्यांग कर्मचाऱ्यांच्या नेमणुका आणि बदल्यांसाठी शासनाला धोरण आखता येईल, असं ते सांगतं. जवळपासच्या एकदोन रिक्त पदांची नावंही सुचवा, ‘रद्द’पेक्षा ‘बदल’ मिळणं सोपं असतं. आणि पोच घ्याच. मात्र निवेदन पडून आहे म्हणून रुजू न होणं चालत नाही. गुजरात वीज मंडळाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1989 मध्येच हे स्पष्ट केलं.

स्थगिती हवी असेल तर मॅट, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण. मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे पीठं आहेत. पण नुसत्या आजारावर तिथे विसंबू नका. शिलाँगहून पौडीला बदली झालेले केंद्र सरकारचे कर्मचारी अब्बास यांनी पाठीच्या कण्याची दुखापतही मांडली होती. केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाने आदेश रद्द केला, पण 1993 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला: दुष्ट हेतू किंवा कायद्याचा भंग दिसल्याशिवाय बदलीत हात घालायचा नाही, निवेदन आलं तर त्याचा विचार मात्र प्रशासनाने करावा.

म्हणून आदेशच नीट वाचा. 2005 च्या बदली अधिनियमानुसार साधारण पदावधी 3 वर्षांचा, आणि बदल्या एप्रिल-मे महिन्यांत. मुदतीआधी किंवा अवेळी बदली करायची तर कारणं लेखी हवीत आणि वरच्या प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता हवी. ती नसेल तर तुमची बाजू भक्कम होते, आणि आजारपण तिला बळ देतं.

मी असतो तर पहिल्याच दिवशी निवेदन दिलं असतं आणि ती पोच घेऊन त्याच आठवड्यात वकिलाला गाठलं असतं. एक मात्र ध्यानात ठेवा, मॅटने अर्ज दाखल करून घेतला की खात्यातली तक्रार-निवारणाची प्रक्रिया तिथेच संपते. त्यामुळे साहेब ऐकून घेत असतील तर थोडं थांबा. पण कार्यमुक्त होईपर्यंत नाही. तुमच्या खुर्चीत दुसरा हजर झाला, की ‘जैसे थे’ मागणं फार अवघड होऊन बसतं.