'एंजल्स इन सायन्स फिक्शन': काही महिने ऐकल्यानंतर

सेंट पॉल अँड द ब्रोकन बोन्स हा अमेरिकेत अलाबामातल्या बर्मिंगहॅमचा आठ जणांचा सोल बँड; सोल म्हणजे अमेरिकी कृष्णवर्णीयांच्या चर्चमधल्या गाण्यांतून पुढे आलेलं संगीत. २०१४ च्या 'हाफ द सिटी' या अल्बमने मला त्यांचं वेड लावलं. ट्रम्पेट, ट्रॉम्बोन एकदम अंगावर येतात आणि त्यांच्याही वर पॉल जेनवेचा आवाज टिपेला भिडतो. हा माणूस मुळात चर्चमध्ये प्रवचनकार व्हायला निघाला होता, ते त्याच्या गाण्यात लगेच कळतं.

२०२३ चा 'एंजल्स इन सायन्स फिक्शन' लावला तेव्हा मी त्याच धडाक्याची वाट बघत होतो. तो येतच नाही. आता काही महिने हा अल्बम पुन्हा पुन्हा ऐकल्यावर माझं ठाम मत झालंय, की हे त्यांचं सगळ्यात धाडसाचं काम आहे.

बायको गरोदर असताना, कोविडच्या काळात, जेनवेने जन्माला येणाऱ्या मुलीला जणू पत्रं लिहावीत तशी ही गाणी लिहिली. रेकॉर्डिंग मेम्फिसला, एल्व्हिस प्रेस्लीची पहिली गाणी रेकॉर्ड करणाऱ्या सॅम फिलिप्सच्या जुन्या स्टुडिओत; निर्माता मॅट रॉस-स्पँग. ही पार्श्वभूमी कळली की वाद्यं मागे का ठेवली तेही उमगतं. पोटातल्या बाळाशी कोणी खच्चून बोलत नाही.

'लोनली लव्ह साँग' हे गाणं घ्या. इतका दमदार गळा असलेला माणूस इथे जपून, जवळ बसून सांगितल्यासारखा गातो. बाप होण्याचा आनंद आणि धास्ती, दोन्ही एकाच ओळीत ऐकू येतात. मोठा आवाज आवरून गायला जास्त ताकद लागते, हे मला इथे पटलं. शिवाय वाद्यांची गर्दी नसल्यामुळे शब्दांकडे लक्ष जातं; जुन्या अल्बममध्ये मी शब्द कधी नीट ऐकलेच नव्हते.

तक्रार एकच. मधल्या काही गाण्यांची लय सारखी वाटते, आणि एका बैठकीत सलग ऐकताना तिथे जरा रेंगाळल्यासारखं होतं. तिथे ब्रासचा (ट्रम्पेट-ट्रॉम्बोनचा) एखादा तुकडा मला नक्की हवा होता.

लोकलमध्ये किंवा गाडीत ऐकू नका, अर्धा अल्बम गोंगाटात बुडतो. रात्री, चांगल्या हेडफोनवर ऐका. आणि हा बँड तुमच्यासाठी नवा असेल तर आधी 'हाफ द सिटी' ऐका; त्यांनी काय बाजूला ठेवलंय ते माहीत असलं की हा अल्बम दुप्पट भिडतो.