काठाचा पलंग की सपाट पलंग? गादीच्या बाजूने पाहिलं तर

फोम, स्प्रिंग की काथ्या, यावर घरात महिनाभर चर्चा होते. पण गादी ज्यात बसणार त्या पलंगाला काठ आहे की नाही, हे बहुतेकांना पलंग घरात आल्यावर कळतं. मी काठाचा पलंग सात वर्षं वापरला आणि गेली तीन वर्षं सपाट वापरतोय. दोन्हींपैकी एक निवडायचा असेल तर माझा अनुभव कदाचित उपयोगी पडेल.

काठाचा म्हणजे चारही बाजूंच्या फळ्या तळापेक्षा दोन-तीन इंच वर आलेल्या आणि गादी पेटीत बसवल्यासारखी आत. सपाट म्हणजे प्लायवूडवर किंवा आडव्या पट्ट्यांवर गादी नुसती टेकवलेली.

दिसायला काठाचा जास्त नेटका, यात वाद नाही. गादी जागची हलत नाही, उशागती टेकून बसलं तरी पुढे सरकत नाही. मी तो घेतला तेव्हा याच कारणासाठी घेतला होता आणि ते कारण चुकीचं होतं असं आजही वाटत नाही.

अडचण मापाची आहे. काठाच्या पलंगात अर्ध्या इंचाचीही चूक पचत नाही. मी तळाशी टेप धरून लांबी-रुंदी मोजली, ७८ बाय ६० भरली, म्हणून गादीही ७८ बाय ६० मागवली. गुंडाळून आलेली फोमची गादी पहिल्या रात्री छान बसली. दोन दिवसांत ती पूर्ण फुगली आणि मधोमध कमानीसारखी वर आली. हाताने दाबली की खाली जायची, हात काढला की पुन्हा वर. कारण सापडायला आठवडा गेला. हेडबोर्डला कापडाखाली फोम होता आणि गादीच्या उंचीवर तो इंचभर पुढे आलेला होता. तळाशी ७८ होते, पण गादी जिथे टेकत होती तिथे ७७. शेवटी ७७ इंचांची गादी मुद्दाम करून घ्यावी लागली, आणि मापाने करून घेतलेली गादी सहसा कोणी परत घेत नाही.

इंच आणि सेंटीमीटरचा घोळ तर वेगळाच. ७८ इंच म्हणजे साधारण १९८ सेंमी. २०० सेंमीची गादी त्यात पाऊण इंच जास्त होते. १५० सेंमी रुंदीची गादी ६० इंचांच्या पलंगात जवळपास एक इंच कमी पडते. ‘क्वीन’ आणि ‘किंग’ या नावांवर तर अजिबात विसंबू नये. अमेरिकेतली क्वीन ६० बाय ८० इंच, आणि ब्रिटनमध्ये जिला किंग म्हणतात ती १५० बाय २०० सेंमी, म्हणजे जवळजवळ तीच. सपाट पलंगावर हा एवढासा फरक कोणाच्या लक्षातही येत नाही. काठाच्या पलंगात तोच फरक एक तर फट होतो, नाहीतर कमान.

तरीही मापामुळे मी पलंग बदलला नसता. माप एकदाच चुकतं आणि एकदाच दुरुस्त होतं.

बदलला तो चादरीमुळे. दर आठवड्याला चादर बदलायची म्हणजे गादीचा कोपरा एका हाताने उचलायचा आणि दुसऱ्या हाताने चादर खाली खोचायची. काठाच्या पलंगात गादी आणि फळी यांच्यात बोट जेमतेम शिरतं. आठ इंच जाडीची गादी वरून दाबत असते, बोटांची पेरं लाकडाला घासतात, आणि कोपरा सोडला की अर्धी खोचलेली चादर वर निघून येते. माझ्या उजव्या हाताच्या मधल्या बोटाच्या पेरावर त्या फळीच्या कडेने कायम एक ओरखडा असायचा. तो भरत आला की पुन्हा चादर बदलायचा दिवस. फिटेड चादर आणून पाहिली, पण तिचं इलॅस्टिक गादीच्या खालून न्यायलाही कोपरा उचलावाच लागतो. आईचे गुडघे दुखायला लागल्यापासून तर हे काम तिने सोडूनच दिलं. गादी उशागत-पायगत फिरवायची झाली तरी ती काठावरून उचलून बाहेर काढावी लागे. एकट्याचं काम नव्हे ते. त्यामुळे दर चार-सहा महिन्यांनी व्हायला हवं ते वर्षानुवर्षं झालं नाही आणि माझ्या बाजूला गादीत खळगा पडला.

सपाट पलंगावर चादर दोन मिनिटांत होते. तळहात उलटा करून गादीखाली सरकवला की झालं. गादी फिरवायची तर कोपरा धरून जागेवरच गोल ओढता येते.

सपाट पलंगाच्या तक्रारीही सांगतो, म्हणजे नंतर वाईट वाटायला नको. गादी सरकते. माझी पहिले दोन महिने रोज बोटभर पायगतीकडे जायची. खाली जाळीदार रबरी चटई अंथरली तेव्हा थांबली. तळ पट्ट्यांचा असेल तर दोन पट्ट्यांमधलं अंतर ७-८ सेंमीपेक्षा जास्त नसावं, नाहीतर फोम त्या फटींत दबत जातो. रुंद पलंगाला मधोमध आधाराचा पाय हवाच. आणि गादी फळीच्या अगदी कडेपर्यंत येत नसेल तर अंधारात उठताना नडगी त्या कोपऱ्यावर आपटते. म्हणून सपाट पलंगावर गादी फळीच्या मापाचीच घ्यावी, लहान नको.

एका बाबतीत मात्र काठालाच माझं मत. हायड्रॉलिकने वर उचलणारा, खाली सामान ठेवायचा पलंग घेणार असाल तर निदान पायगतीला तरी काठ किंवा अडणी हवी. नाहीतर फळी तिरकी झाली की अख्खी गादी घसरून खाली येते. त्या पलंगाला गादीचं वजनही विचारून घ्या. जड गादीने फळी वर थांबत नाही, हलकीने ती नीट खाली बसत नाही.

त्याखेरीज आज मला पुन्हा निवडायला सांगितलं तर मी सपाटच घेईन. ज्यांच्या घरी चादर दुसरं कोणी बदलतं त्यांना कदाचित वेगळं वाटेल. निदान निवडण्याआधी त्या व्यक्तीला विचारावं.

काठाचाच घ्यायचा ठरलं असेल तर टेप तळाशी नको, गादीच्या निम्म्या उंचीवर धरा. लांबी तीन ठिकाणी, रुंदी तीन ठिकाणी, दोन्ही कर्णही मोजा. कर्ण सारखे नसतील तर चौकट तिरकी आहे आणि गादी एका कोपऱ्यात अडणार. सगळ्यांत लहान भरलेल्या मापातून लांबीला एक इंच आणि रुंदीला एक इंच कमी करून गादी सांगा. दोन्ही बाजूंना अर्धा-अर्धा इंच मोकळा राहील. निदान बोटं तरी सोलवटणार नाहीत.